मदत हवी आहे: तळ्यातले मासे एकमेकांना मारतायत, कोणाला काढू?

तळ्यातमळ्यात | ८ जुलै, सकाळी ७:४०
आठवड्यात दोन ओरांडा (डोक्यावर टोपीसारखा फुगवटा असलेले गोल्डफिश) गेले. आज तिसरा काठाशी कलंडलेला सापडला. जिवंत आहे, पण एका कुशीवर रुपयाएवढा पांढरट चट्टा, मधे लालसर, तिथले खवलेच गायब. तळ्यात कोई (मोठे होणारे रंगीत कार्प मासे), ओरांडा, दोन कॉमेट (लांब शेपटीचे गोल्डफिश) आणि छोट्या मॉलींचा गोतावळा आहे. दुकानदार म्हणाला होता, सगळे गुण्यागोविंदाने राहतात. कसले राहतात! खाणं टाकलं की कोई रणगाड्यासारखे येतात आणि ओरांडा बिचारे टोप्या सांभाळत मागच्या मागे. मला एवढंच सांगा, कोई काढू की ओरांडा? रविवारी घरी कार्यक्रम आहे, त्याआधी निकाल लावायचाय. "मासे पाळूच नका" छाप प्रतिसाद कृपया नकोत.

गवतीचहा | ८:०५
तळं केवढं? खोली किती? मासे मोजून किती? पाणी नळाचं की बोअरचं? फिल्टर आहे का? काहीच न सांगता निकाल कसा लावणार भाऊ? फोटो टाका.

बोंबील_रस्सा | ८:१२
कोईवर उगाच आळ घेऊ नका. कोईला दात असतात ते घशात, तोंडात नव्हे. दुसऱ्याच्या अंगावरचे खवले ओरबाडणं त्याला जमत नाही. धक्काबुक्की करेल, खाणं पळवेल, कमळाची मुळं उकरेल, एवढंच. माझ्याकडे दहा वर्षं कोई आहेत, एक तक्रार नाही.

तळ्यातमळ्यात | ८:३०
भाऊ नाही, ताई. तळं मोठं आहे, काठावर सहा खुर्च्या आरामात बसतात. पाणी आपलं नेहमीचंच.

गवतीचहा | ८:३३
खुर्च्यांवरून लिटर काढायचं कोष्टक माझ्याकडे नाही. टेप लावा ताई. आणि "नेहमीचं" म्हणजे तुमच्याकडे कुठलं?

अर्धवट_दुरुस्त | ९:१०
सिमेंटचं तळं असेल तर उत्तर झालंच. नव्या सिमेंटमधून चुना सुटतो, पाण्याचा सामू चढतो, माशांची कातडी जळते. आम्ही केळीचे खुंट चिरून टाकले, पाणी कुजू दिलं, उपसलं, परत भरलं. असं तीनदा. मग सोडले मासे. घाई नडते लोकांना.

तळ्यातमळ्यात | ९:२५
तळं तीन वर्षांचं आहे हो. केळीचे खुंट आता टाकून काय करू, सत्यनारायण?

उंटावरून | ९:५०
पाऊस सुरू झालाय ना? मग ही मारामारी नाही, लग्नसराई आहे. पाणी गार झालं की गोल्डफिशचे नर मादीच्या मागे हात धुऊन लागतात, ढुशा देत तिला काठाकडे रेटतात. नराच्या कल्ल्यांच्या झाकणावर बारीक पांढरे दाणे येतात, रव्यासारखे. तो रोग समजून लोक निळं औषध ओततात आणि चांगले मासे घालवतात. दाणे दिसतायत का बघा.

बोंबील_रस्सा | ९:५८
ढुश्यांनी रुपयाएवढा चट्टा? ढोकरीचं, म्हणजे मासे टिपणाऱ्या छोट्या बगळ्याचं, काम वाटतंय मला. आमच्या शेजाऱ्यांचं अख्खं तळं एका ढोकरीने रिकामं केलं. नायलॉनची जाळी ताणा.

उंटावरून | १०:०२
ढोकरी मासा उचलून नेते, अर्धवट सोलून परत ठेवत नाही. चोच बसली असती तर भोक पडलं असतं, चट्टा नाही.

नानासाहेब_५८ | ११:२०
ताई, तळं घराच्या कुठल्या दिशेला आहे ते प्रथम सांगा. ईशान्येला असेल तर उत्तम, आग्नेयेला असेल तर मासे टिकणारच नाहीत. शिवाय संख्या नऊ असावी, आठ लाल आणि एक काळा. काळा मासा घरावरचं संकट स्वतःच्या अंगावर घेतो. तुमच्याकडे काळा मासा नाही, मला तिथेच मेख दिसते.

खडीसाखर | ११:३१
नाना, आठ लाल एक काळा हे फेंगशुई झालं, वास्तुशास्त्र नव्हे. दोन्ही एका कढईत तळू नका.

नानासाहेब_५८ | ११:४०
शास्त्र सर्वत्र एकच असतं.

तळ्यातमळ्यात | १२:१५
टेप लावली. ८ फूट बाय ५ फूट, खोली २ फूट. पाणी बोअरचं. फिल्टर आहे, रात्री बंद करतो, आवाज होतो म्हणून. कोई ६ (वीतभर), ओरांडा ५ होते आता ३, कॉमेट २, मॉली कोण मोजणार. कल्ल्यांवर दाणे नाहीत. आणि नाना, काळा मासा आहे हो आमच्याकडे! तळ साफ करणारा क्रोकोडाइल. दिवसभर दगडाखाली पडून असतो म्हणून यादीत धरला नव्हता. संकट कसलं घेतोय अंगावर, आयतं खातोय.

गवतीचहा | १२:१८
थांबा. क्रोकोडाइल म्हणजे सकर? तोंड खालच्या बाजूला, काचेला चिकटतो तो? केवढा आहे?

तळ्यातमळ्यात | १२:२४
हो, तोच. बोटाएवढा आणला होता. आता पावणेदोन वीत तरी असेल. पण तो तर शेवाळ खातो ना?

गवतीचहा | १२:४०
सापडला तुमचा आरोपी. लहानपणी खातो तो शेवाळ, मोठा झाला की नुसत्या शेवाळावर त्याचं भागत नाही. माशांच्या अंगावर बुळबुळीत थर असतो ना, त्याची त्याला चटक लागते. कोई नि कॉमेट चपळ, ते सापडत नाहीत. ओरांडा म्हणजे फुगीर पोट, दुहेरी शेपूट, रात्री तळाशी डुलक्या काढणार. आयतं ताट. हा जाऊन कुशीला चिकटतो आणि खरवडत बसतो. थर गेला की खवले जातात, मग जखम चिघळते. एक सांगा, हल्लीच तळं घासलंत का?

तळ्यातमळ्यात | १२:४६
मे अखेरीस माळ्याकडून भिंती ब्रशने घासून घेतल्या, कार्यक्रम आहे म्हणून. लख्ख झाल्यात.

गवतीचहा | १२:४८
म्हणजे त्याचं स्वयंपाकघरच तुम्ही धुऊन काढलंत. उपाशी बसला तो.

बोंबील_रस्सा | १:१५
कालपर्यंत कोई गुन्हेगार, आज सकर. माझ्या टाकीत सहा वर्षं सकर होता, कोणाच्या केसाला धक्का नाही. न बघता फाशी देऊ नका.

उंटावरून | १:२२
तुमच्या टाकीत ओरांडा होते का?

बोंबील_रस्सा | १:३०
नाही. पण मुद्दा तो नाही.

गवतीचहा | १:३४
मुद्दा तोच आहे. असो. ताई, आज रात्री दिवे मालवून तासाभराने टॉर्च घेऊन जा, पाय न वाजवता. जखमी मासा मात्र आत्ताच वेगळा काढा. टबात तळ्यातलंच पाणी, दहा लिटरला तीस ग्रॅम खडे मीठ विरघळवून, थोडं थोडं करून घाला. हवेचा पंप लावा, टब सावलीत ठेवा. एक दिवस खायला नको. आणि फिल्टर रात्री बंद करू नका, प्राणवायू पहाटेच सगळ्यात कमी असतो.

तळ्यातमळ्यात | ९ जुलै, रात्री १२:१०
आत्ताच आत आले. भुरभुर पाऊस, एका हातात छत्री, एका हातात टॉर्च, मागे नवरा "साप असेल, साप असेल" करत. कमळाच्या कुंडीशेजारी ओरांडा तळाशी टेकलेला आणि त्याच्या कुशीला तो काळा, जळूसारखा. शेपूट तेवढी हलत होती. उजेड पडल्यावर ओरांडाने अंग झाडलं, हा सुटला आणि दगडाखाली. ओरांडाच्या अंगावर गोल वण, ओला कप टेबलावर ठेवल्यावर उठतो ना, अगदी तसा. अंगावर काटा आला. तीन वर्षं त्याला "बिचारा" म्हणत होते मी. पकडू कसा? जाळी घातली तर जाळीतच अडकून बसला, मग कात्रीने जाळी कापावी लागली आणि सटकला.

उंटावरून | सकाळी ६:५०
जाळी नकोच, परांचे काटे अडकतात. तीन-चार इंची पीव्हीसी पाइपचा हातभर तुकडा तळाशी टाका, दगड काढून घ्या. उद्या सकाळी तो आत शिरलेला असेल. दोन्ही टोकांवर तळवे दाबून पाइपसकट उचला.

अर्धवट_दुरुस्त | ८:०५
आणि इंद्रायणीत सोडून द्या. पुण्य लागेल.

गवतीचहा | ८:०९
अजिबात नाही! मासा दक्षिण अमेरिकेतला, आपल्या नद्यांत त्याला खाणारं फारसं कोणी नाही. आंध्र-तेलंगणातले मच्छीमार त्याला डेव्हिल फिश म्हणतात, जाळी फाडतो आणि बाजारात कोणी घेत नाही. असंच पुण्य करून करून लोकांनी नद्यांत भरलाय.

अर्धवट_दुरुस्त | ८:२०
एका माशाने काय होणार? चिलापी (तिलापिया) मासा पण बाहेरचाच ना, आता उजनीच्या लोकांचं पोट त्याच्यावर चालतं.

गवतीचहा | ८:२६
चिलापी १९५२ साली भारतात आणला. गावरान माशांचं पुढे काय झालं ते त्याच उजनीच्या म्हाताऱ्या मच्छीमारांना विचारा, मग बोलू.

खडीसाखर | ८:३१
अवांतर: भिगवणला चिलापी फ्राय कुठे चांगली मिळते? शनिवारी जातोय.

बोंबील_रस्सा | ८:३३
हायवे सोडून आत गावात जा. कमी मसाला सांगा, नाहीतर मासा शोधावा लागतो.

उंटावरून | ९:००
ताईंचा मूळ प्रश्न राहिलाच. तुमच्या तळ्यात साधारण सव्वादोन हजार लिटर पाणी. एका मोठ्या कोईला हजार लिटर धरतात, खोलीही तीन-चार फूट हवी. आज वीतभर आहेत ते, पुढे दोन फुटांचे होतील. तेव्हा सकर गेला तरी सहा कोई इथे मावणार नाहीत, आणि तोवर ओरांडांना खाणं मिळायचं नाही. कोई नि कॉमेट एकत्र चालतील. ओरांडा वेगळ्या टाकीत, किंवा कोई दुसऱ्या कोणाला. दुकानदाराचं "सगळे एकत्र" हे विकायच्या दिवशीचं असतं.

बोंबील_रस्सा | ९:१०
कोई कोणाला देताय ते आधी मला कळवा.

तळ्यातमळ्यात | १० जुलै, सकाळी ७:१५
पाइपची युक्ती चालली. क्रोकोडाइल आता बाथरूममधल्या टबात आहे, काकडीची चकती चघळतोय आणि डोळे फिरवून बघतोय. सासूबाईंनी आंघोळीला वरचं बाथरूम घेतलंय. जखमी ओरांडा मिठाच्या पाण्यात सरळ पोहायला लागला. तिन्ही ओरांडा माहेरच्या जुन्या काचेच्या टाकीत जातील, भाऊ रविवारी घेऊन येतोय. कोईंचं कार्यक्रमानंतर बघू, तळं रिकामं दिसायला नको. मोठी एकटी टाकी असलेल्या कोणाला सकर हवा असेल तर मेसेज करा, तळेगाव स्टेशनपर्यंत आणून देईन. टबासकट नाही, टब परत हवा.

नानासाहेब_५८ | ७:४०
चांगलं झालं. पण मग आता काळा मासा कुठला घेणार?