भीती नेमकी कशाची?

सुटलेले नॅनोरोबॉट, म्हणजे डोळ्यांना न दिसणारी अतिसूक्ष्म यंत्रं, स्वतःच्या प्रती काढत अख्खी पृथ्वी फस्त करतील, ही भीती मला पटत नाही. १९८६ साली तो धोका मांडणाऱ्या अमेरिकी अभियंते एरिक ड्रेक्सलर यांनीच २००४ मध्ये लिहिलं, की रेणू जोडून वस्तू बनवण्याला असं मोकाट यंत्र लागतच नाही. २०२१ चे झेनोबॉट बघा. बेडकाच्या पेशींचे, मिलिमीटरभरही नसलेले हे गोळे बशीतल्या सुट्या पेशी ढकलून ढीग करतात आणि त्या ढिगातून नवा गोळा पोहू लागतो. पण सुट्या पेशी माणसानेच पुरवायच्या, आणि काही पिढ्यांत साखळी तुटतेच. मला खरी धास्ती आहे ती मुद्दाम घडवलेल्या जंतूंची. त्यांना प्रती काढायला शिकवावं लागत नाही, आणि ते घडवायला लागणारा कृत्रिम डीएनए कंपन्यांकडून मागवणाऱ्यांची तपासणी अजून सगळीकडे सक्तीची नाही.