हंगेरीच्या खेड्यावरचा लघुपट सुचवा (२० मिनिटांपर्यंत)

मृण्मयी_वाई: आमच्या वाचनालयात दर महिन्याला एक परदेशी लघुपट दाखवतो. या वेळी हंगेरीतला माळ, गुरंढोरं, खेडं असलेला हवाय. २० मिनिटांच्या आसपास, आणि संवाद नकोत, मराठी सबटायटल्स मिळत नाहीत. येणारे बहुतेक शेतकरी, सोबत मुलंबाळं.

रानवाट: बेला तारचा 'शातानतांगो' (१९९४). सात तासांचा आहे, पण तसा पाऊस आणि चिखल दुसरीकडे नाही. मी सलग बसून पाहिलाय.

नंदूकाका: सात तास कोण बसणार? झोल्तान हुसारिकचा 'एलेगिया' लावा, १९६५चा, वीसेक मिनिटांचा. कॅमेरा यानोश तोटचा. संवाद नाहीत. नायक म्हणजे घोडा. आधी मोकळे कळप, मग माणसाच्या कामाला जुंपलेला, शेवटी कत्तलखाना. जर्मनीत ओबरहाउजेनच्या महोत्सवात बक्षीस मिळालंय.

भटक्या८२: मी हंगेरीतल्या होर्तोबाजच्या माळावर जाऊन आलोय. नऊ कमानींचा पूल, लांब दांड्याच्या विहिरी, निळ्या झग्यातले घोडेस्वार. मागच्या दोन घोड्यांवर उभं राहून पाच घोडे पळवतात! लघुपट कसले बघता, जाऊन या.

सई_पुणे: पाच घोड्यांचा तो प्रकार जुना नाही. लुडविग कोख या ऑस्ट्रियन चित्रकाराच्या चित्रावरून उचललाय.

भटक्या८२: नवा असेना, तोल तर खराच सांभाळावा लागतो.

माऊली: 'एलेगिया' मुलांसमोर नको. आमच्याकडे एका क्लबने लावला होता. कत्तलखाना आला आणि लहानगी रडत बाहेर पळाली, पालक आयोजकांवर तुटून पडले. ते अभिनय नाही, खरं आहे.

सई_पुणे: हेच सांगणार होते. मुलं असतील तर नको.

नंदूकाका: मग शेवट कापून लावा.

रानवाट: म्हणून म्हणतो, बेला तार.

मृण्मयी_वाई: सगळ्यांचे आभार. 'एलेगिया'च लावतेय, न कापता. ट्रॅक्टर आला तेव्हा इथल्या बहुतेकांनी बैलजोडी बाजारात नेली. दाव्याला हात लावून परत फिरलेली माणसं आहेत ही, शेवट कापला तर त्यांच्यापासून काय लपवणार? फळ्यावर आधीच स्पष्ट लिहीन, मुलांना आणायचं की नाही ते आईवडील ठरवतील. चांगली प्रत कुठे मिळेल तेवढं सांगा.

भटक्या८२: बुडापेस्टला गेलात तर विचारा.