बांध सरकवून ५ आर गेले, मोजणीत निघाले. आता तहसीलदार की दिवाणी कोर्ट?

काळीमाती: सातबाऱ्यावर ८० आर आहे. सरकारी मोजणीत उत्तरेच्या बांधालगत ५ आर शेजाऱ्याच्या वहिवाटीत निघाले. तीन वर्षांपूर्वी त्याने तिथे पत्र्याचं शेड घातलं. मोजणी त्याला मान्य नाही, "बापजाद्यांपासून आम्हीच कसतोय" म्हणतो. नुसता मनाईचा दावा लावावा असा सल्ला मिळतोय. तो पुरेल का? तहसीलदारांकडे जाता येईल का?

दिवाणी_दालन: तहसीलदारांचा रस्ता तुमच्यासाठी बंद झालाय. मामलेदार कोर्ट कायदा १९०६ च्या कलम ५ खाली ताबा गेल्यापासून सहा महिन्यांत जावं लागतं, आणि तिथे ताबा कोणाचा होता एवढंच ठरतं, मालकी नाही. विशिष्ट दिलासा कायदा १९६३ च्या कलम ६ लाही तीच सहा महिन्यांची मुदत.

नुसती मनाई मागू नका. मनाई असलेला ताबा राखायला असते. ५ आर त्याच्याकडे आहेत हे तुमचाच नकाशा सांगतो, म्हणजे तुमच्याच कागदाने दावा पडेल. विशिष्ट दिलासा कायद्याच्याच कलम ५ खाली त्या ५ आरचा ताबा मागा, शेड काढण्यासाठी कलम ३९ खाली आज्ञार्थक मनाई (म्हणजे 'हे काढून टाक' असा हुकूम), आणि उरलेल्या ७५ आरसाठी कलम ३८ खाली कायमची मनाई. सगळं एकाच दाव्यात.

टिपणबुक: दाव्याआधी नकाशा तपासा दादा, कारण हे खटले तिथेच हरतात. तुमच्या 'क' प्रतीत (मोजणी खात्याकडून मिळालेल्या नकाशात) फक्त तुमचाच गट मोजलाय का? तसं असेल तर समोरचे वकील पहिला प्रश्न तोच विचारतील. शेजाऱ्याचं क्षेत्र भरतंय की जादा निघतंय, हे त्याचा गट मोजल्याशिवाय कळत नाही. भूकरमापकाने मोजणी कुठून धरली तेही बघा. जुना हद्दीचा दगड किंवा गावशिवेची खूण धरली असेल तर ठीक. आजचा बांधच खूण म्हणून धरला असेल तर पुढची सगळी रेष सरकलेली असते. लगतधारकांना नोटीस पोचल्याची पोच आणि पंचनाम्यावरच्या सह्या फाईलमध्ये हव्यात. त्या नसतील तर आधी निमताना मोजणी (वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी) करून घ्या.

आणखी एक. एकत्रीकरणात (विखुरलेले तुकडे जोडताना) गट पाडताना सातबारा आणि नकाशा यांच्या क्षेत्रात तफावत राहिलेली बऱ्याच गावांत दिसते. तुमचे ५ आर तसे 'कागदावरच' कमी नाहीत ना, याची खात्री गट बुक, टिपण आणि फाळणी नकाशा या मोजणी खात्याच्या जुन्या अभिलेखांवरून करा.

काळीमाती: धन्यवाद. सातबारा माझ्या नावावर आहे, मग मालकीचा ठराव (मीच मालक असं कोर्टाने जाहीर करणं) मागायची गरज काय? आणि बारा वर्षं ताबा असला की जागा त्याची होते म्हणतात, त्याचं काय?

दिवाणी_दालन: सातबारा हा महसुली कागद. महसूल संहितेच्या कलम १५७ प्रमाणे नोंद खरी धरतात, पण उलट पुराव्याने ती खोडता येते. खरेदीखत, वाटणीपत्र, फेरफार अशी साखळी लावा. शेजारी फक्त हद्द नाकारत असेल तर ठरावाशिवाय चालतं. पण "बापजाद्यांपासून" म्हणजे तो प्रतिकूल ताब्यावर (दुसऱ्याची जागा मुदतभर उघडपणे ताब्यात ठेवून मालकी सांगणं) जाणार. तिथे मालकीवर सावट येतं, म्हणून विशिष्ट दिलासा कायद्याच्या कलम ३४ खाली ठरावही मागा. सुप्रीम कोर्टाने २००८ मध्ये अनाथुला सुधाकर प्रकरणात हे नीट उलगडून सांगितलंय.

मुदत कायद्याच्या अनुच्छेद ६५ प्रमाणे ताबा तुमच्याविरुद्ध प्रतिकूल झाल्यापासून बारा वर्षं. ती सिद्ध करायची जबाबदारी त्याची. "ही जागा माझ्याच गटातली" आणि "तुमची होती, पण मी बळकावून बारा वर्षं झाली" ही दोन्ही म्हणणी एकत्र टिकत नाहीत. उलटतपासात हे जरूर काढा.

टिपणबुक: दावा दाखल झाल्यावर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २६ नियम ९ खाली कोर्ट कमिशन मोजणीचा (कोर्टाने नेमलेल्या कमिशनरकडून मोजणीचा) अर्ज द्या, आणि तो दोन्ही गटांच्या संयुक्त मोजणीचा असू द्या. हरियाणा वक्फ बोर्ड प्रकरणात (२००८) सुप्रीम कोर्टाने हद्दीच्या वादात कमिशनर नेमायला हवा होता असंच म्हटलंय. अर्जात "ताबा कोणाचा ते पाहावे" असं लिहू नका. ताबा पुराव्याने ठरतो, आणि या एका वाक्यामुळे अर्ज फेटाळले जातात. फक्त हद्द कायम करणं आणि अतिक्रमणाचं क्षेत्र दाखवणं एवढंच मागा. खाजगीत केलेल्या मोजणीचा नकाशा पुराव्यात आणायचा असेल तर भूकरमापकाला साक्षीला बोलवावंच लागतं.

दिवाणी_दालन: त्यात भर. आदेश ७ नियम ३ प्रमाणे वादातली जागा ओळखू येईल असं वर्णन दाव्यात लागतं. "उत्तरेकडील ५ आर" एवढंच लिहिलं तर हुकूमनामा मिळूनही बेलीफ ताबा कुठून कुठे देणार? नकाशावर अ-ब-क-ड अक्षरं घालून प्रत्येक बाजूची लांबी मीटरमध्ये लिहा आणि तो नकाशा दाव्याचा भाग करा. कमिशनच्या मोजणीत आकडा बदलला, समजा ४.६ आर निघाले, तर आदेश ६ नियम १७ खाली दुरुस्ती अर्ज लगेच द्या.

काळीमाती: तोवर त्याने शेडशेजारी पक्कं बांधकाम काढलं तर?

दिवाणी_दालन: दाव्यासोबतच आदेश ३९ नियम १ व २ खाली तात्पुरत्या मनाईचा अर्ज द्या: नवं बांधकाम नको, जागा तिसऱ्याला विकणं नको. आजच्या तारखेचे फोटो आणि ग्रामपंचायतीचा उतारा जोडा. हुकूम मोडला तर नियम २अ खाली कारवाई मागा. तीन वर्षं गप्प राहिल्याचं उत्तर मात्र तयार ठेवा. मोजणी कधी झाली आणि अतिक्रमण तेव्हाच कसं कळलं, हे दाव्याच्या कारणात तारखेसकट लिहा.