दंडावर देवीचा वण आहे, कांजिण्या टळतील का?

प्रश्न: १९७०च्या आधी देवी टोचलेल्यांना कांजिण्यांची लस लागते का?

उत्तर १: देवीची लस इथे कामाची नाही. ती व्हॅक्सिनिया या देवीच्या विषाणूच्या नातलगाची. टोचल्या जागी फोड येऊन खपली पडायची, म्हणून तो खोलगट वण. कांजिण्यांचा विषाणू निराळा, नागीण उठवणारा. लहानपणी कांजिण्या येऊन गेल्या असतील तर लस नको. नसतील तर ०.५ मिली चे दोन डोस, ४ ते ८ आठवड्यांच्या अंतराने. गरोदरपणी मात्र नाही, लशीत दुबळा केलेला जिवंत विषाणू असतो.

उत्तर २: दोन्ही रोग निराळे, हे पुरळावरूनही कळते. कांजिण्या छाती-पाठीवर दाट. एकाच जागी, एकाच वेळी लाल ठिपका, पाण्याचा फोड आणि खपली. देवीचा रोग १९८० मध्ये संपल्याचे जाहीर झाले; त्याचे फोड चेहरा, हातापायांवर, तळव्यांवरही असायचे, सगळे एकाच अवस्थेत.

उत्तर ३: अन् बीसीजीचा (क्षयाच्या लशीचा) वण देवीचा समजू नका!