तारखांची सूत्रं: कुठे फसतात, कशी सुटतात

एक्सेल किंवा गुगल शीट्समध्ये तारखा काढताना हाताखालून गेलेल्या खाचाखोचा इथे लिहा. सूत्र नेमकं द्या, ते कुठे चुकतं तेही सांगा. (वाचायला सूत्रं देवनागरीत, पेशीत (सेलमध्ये) टाकताना रोमन.)

आस्थापना शाखा
निवृत्तीची तारीख. राज्य शासनात 58 वर्षं, वर्ग ड ला 60. वय ज्या महिन्यात पूर्ण होतं त्याचा शेवटचा दिवस. पण जन्म 1 तारखेचा असेल तर आदल्या महिन्याचा. त्यासाठी लोक भलंमोठं इफ लावतात. गरज नाही. बी2 मध्ये जन्मतारीख; एडेट तितके महिने पुढची तारीख देतं, ईओमंथ त्या महिन्याचा शेवटचा दिवस:
=ईओमंथ(एडेट(बी2,58*12)-1,0)
एक दिवस वजा केला की 1 तारीखवाले आपोआप मागच्या महिन्यात जातात, बाकीचे जागेवर राहतात. 1 जून 1967 चा जन्म असेल तर 31 मे 2025. -1 लिहायचा राहून गेला तर 30 जून येईल, म्हणजे महिन्याचा पगार जास्त. आपल्या सेवापुस्तकांत 1 जूनवाले किती असतात ते सांगायला नको.

डेटा एंट्री
वरचं सूत्र चालवण्याआधी बी2 ही खरी तारीख आहे का ते बघा: =इजनंबर(बी2). संगणकाची मांडणी अमेरिकन असेल तर 25/04/2025 नुसता मजकूर राहतो, ते लगेच कळतं. घात करते ती 03/04/2025: ती मुकाट 4 मार्च होते. म्हणून फाइल उघडून मग दुरुस्त करायला जाऊ नका. स्तंभ मजकूर म्हणूनच आत घ्या, मग डेटा, टेक्स्ट टू कॉलम्स, तिसऱ्या पायरीवर डेट: डीएमवाय. शीट्समध्ये चिकटवण्याआधी सेटिंग्जमध्ये लोकेल भारत करा.
जन्मवर्ष चार आकडीच लिहा. दोनच आकडे दिले तर शतक एक्सेल संगणकाच्या मांडणीवरून ठरवतं: कुठे 30 म्हणजे 1930, कुठे 2030.

पतसंस्था, कर्ज विभाग
हप्त्यांच्या तारखा आधीच्या ओळीवरून काढू नका. 31 जानेवारीनंतर 28 फेब्रुवारी येते, पुढे 28 मार्च, आणि मग 31 परत येतच नाही. दर वेळी मूळ तारखेवरून मोजा: =एडेट($बी$1,ए5), ए5 मध्ये हप्त्याचा क्रमांक.
बँकेचे कामाचे दिवस: =वर्कडे.इंटल(बी2,3,11,सुट्ट्या). बी2 पासून कामाचे 3 दिवस पुढची तारीख येते; 11 म्हणजे फक्त रविवार बंद. सप्टेंबर 2015 पासून दुसरा आणि चौथा शनिवारही बंद असतो, ते कोणत्याच कोडमध्ये बसत नाहीत. सुट्ट्यांच्या यादीतच घाला. महिन्याची पहिली तारीख डी2 मध्ये असेल तर दुसरा शनिवार =डी2+14-वीकडे(डी2), चौथ्यासाठी 14 च्या जागी 28.

आस्थापना शाखा
सेवाकालासाठी डेटडिफ (दोन तारखांमधलं अंतर) वापरताय ना? बी2 मध्ये रुजू तारीख, सी2 मध्ये शेवटची. "वाय" (पूर्ण वर्षं) आणि "वायएम" (वरचे महिने) ठीक. "एमडी" (वरचे दिवस) वर विसंबू नका, मायक्रोसॉफ्टच तसं बजावतं. उरलेले दिवस असे काढा: =सी2-एडेट(बी2,डेटडिफ(बी2,सी2,"एम")).

इतिहासाचा नाद
एक्सेलची मोजणी 1900 पासून. राज्याभिषेकाचा वार काढायला =डेट(1674,6,6) टाकलंत तर उत्तर सन 3574 चं येतं, कारण 1900 च्या आतल्या वर्षात ते 1900 मिळवतं. उपाय: 400 वर्षं मिळवा. त्यात 1,46,097 दिवस, म्हणजे नेमके 20,871 आठवडे, त्यामुळे वार हलत नाही. तरी 6 जून 2074 ला बुधवार निघतो! 6 जून ही जुन्या, ज्युलियन गणनेची तारीख आहे. सतराव्या शतकासाठी आणखी 10 दिवस हवेत:
=टेक्स्ट(डेट(1674+400,6,6+10),"डीडीडीडी")
आता शनिवार, आणि तोच बरोबर. इंग्रजांच्या पत्रांना हे दहा दिवस लावा. गोव्याच्या पोर्तुगीज कागदांना लावू नका. पोर्तुगालने नवी, ग्रेगोरियन गणना 1582 मध्येच घेतली होती.

डेटा एंट्री
आणि तिथी?

इतिहासाचा नाद
साध्या सूत्रात नाही बसत. गणपती-दिवाळीच्या तारखा पंचांगातून वेगळ्या पानावर उतरवायच्या आणि व्हीलुकअपने (यादीतून नोंद शोधणाऱ्या सूत्राने) ओढायच्या.