निर्माता म्हणजे नुसता पैशांचा माणूस?
"निर्मात्याने चेकवर सही करावी, बाकी सगळं दिग्दर्शकाचं" असं एक मत असतं, पण ते ब्रिटिश टीव्ही-निर्मात्या व्हेरिटी लॅम्बर्टबाईंना तरी लागू होत नाही. 'डॉक्टर हू' या बीबीसीच्या विज्ञानकथा-मालिकेच्या त्या पहिल्या निर्मात्या (१९६३), पण त्याआधीचा एक प्रसंग बघा. १९५८ साली एक टीव्ही-नाटक थेट प्रसारित होत असताना गॅरेथ जोन्स हा नट दोन प्रवेशांच्या मध्येच कोसळला आणि गेला. प्रसारण चालूच! दिग्दर्शक टेड कॉचेफ बाकीच्या नटांना सावरायला खाली फ्लोअरवर धावले आणि वर नियंत्रण-कक्षात कुठला कॅमेरा कधी घ्यायचा हे सांभाळलं निर्मिती-सहायक लॅम्बर्टबाईंनी. वय वर्षं २३! नाटक शेवटपर्यंत गेलं.

पुढे बीबीसीत त्यांचे साहेब, नाट्यविभागाचे प्रमुख सिडनी न्यूमन यांनी 'डॉक्टर हू'बद्दल बजावलं होतं, बटबटीत डोळ्यांचे राक्षस अजिबात नकोत. बाईंनी डालेक (धातूच्या कवचातले परग्रहवासी खलनायक) आणले आणि मालिका त्या डालेकांवरच तरली. त्या वेळी बीबीसीच्या नाट्यविभागात त्या एकट्याच स्त्री-निर्मात्या होत्या, तेव्हा साहेबांचं न ऐकणं किती महागात पडू शकलं असतं बघा.