यूएसबी टेदरिंग: फोन दिसतो, पण इंटरनेट मिळत नाही

प्रश्न:
माझ्या संगणकावर विंडोज १० आहे. अँड्रॉइड फोन केबलने जोडला की त्यातील छायाचित्रे संगणकावर उघडतात. मात्र यूएसबी टेदरिंग (फोनचे इंटरनेट केबलने संगणकाला देणे) सुरू करताच डिव्हाइस मॅनेजरमध्ये, म्हणजे जोडलेल्या उपकरणांच्या यादीत, ‘आरएनडीआयएस’ (यूएसबीवरून नेटवर्क चालवण्याची पद्धत) या नोंदीवर पिवळे चिन्ह येते आणि इंटरनेट मिळत नाही. ड्रायव्हर (उपकरण चालवणारा प्रोग्राम) देऊ करणारी अनेक संकेतस्थळे आहेत. त्यांवरून तो घ्यावा का?

प्रतिसाद १:
घेऊ नये. छायाचित्रे उघडतात, त्याअर्थी केबलमधील डेटाच्या तारा शाबूत आहेत, आणि लागणारा ड्रायव्हर विंडोजमध्ये मुळातच असतो. तो फक्त या नोंदीला नीट जोडला गेलेला नाही. टेदरिंग चालू ठेवून (बंद केले की ती नोंदच यादीतून जाते, आणि पुष्कळजण इथेच अडतात) नोंदीवर राइट क्लिक करावे, ‘अपडेट ड्रायव्हर’ निवडावे आणि ड्रायव्हर आपोआप शोधू न देता संगणकावरील यादीतून स्वतः निवडण्याचा पर्याय घ्यावा. ‘नेटवर्क अडॅप्टर्स’ या प्रकारात, केवळ सुसंगत हार्डवेअर दाखवण्याची खूण काढल्यावर, मायक्रोसॉफ्टच्या नावाखाली ‘रिमोट एनडीआयएस बेस्ड इंटरनेट शेअरिंग डिव्हाइस’ सापडेल. तो निवडताना विंडोज इशारा देईल. या ठिकाणी तो मान्य करून पुढे जाण्यास हरकत नाही.

प्रश्नकर्ता:
पिवळे चिन्ह गेले, आभार. परंतु पाने अजूनही उघडत नाहीत, आणि ‘आयपीकॉन्फिग’ या आज्ञेने १६९.२५४ ने सुरू होणारा आयपी पत्ता (नेटवर्कवरील संगणकाचा क्रमांक) दिसतो.

प्रतिसाद २:
मग आता ड्रायव्हरच्या मागे लागू नका. फोनकडून डीएचसीपीद्वारे (पत्ते आपोआप वाटून देण्याची पद्धत) पत्ता न मिळाल्यास विंडोज असा पत्ता स्वतःच घेते. त्या अडॅप्टरच्या आयपीव्ही४ गुणधर्मांत पत्ता आपोआप मिळवण्याचा पर्याय निवडलेला आहे ना, हे पाहावे. नंतर टेदरिंग बंद करून पुन्हा सुरू करावे. तरीही तोच पत्ता आला, तर संगणकावरील व्हीपीएन किंवा बाहेरून बसवलेली फायरवॉल थोडा वेळ थांबवून तपासावे.

प्रश्नकर्ता:
जुना कायमस्वरूपी पत्ता तिथे भरलेला होता. तो काढताच इंटरनेट सुरू झाले.

प्रतिसाद ३:
एक पुरवणी. विंडोजला हे जोडकाम साध्या इथरनेटसारखे दिसते, त्यामुळे मोठी अद्यतने मोबाइल डेटावरून बिनदिक्कत उतरू लागतात. नेटवर्कच्या सेटिंग्जमध्ये या जोडणीसाठी ‘मीटर्ड कनेक्शन’ (डेटा मर्यादित असल्याचे विंडोजला सांगणारा पर्याय) आजच चालू करून ठेवावे.